आर्वेटाच्या मयताचं जेवण

अमेरिकेतल्या डोंगराळ हिकरी फोर्क गावाचं रेडिओ केंद्र म्हणजे कुरणाच्या कडेला सिमेंटच्या विटांची एक बुटकी इमारत आणि मागे गाईंच्या कळपात एकटा उभा मनोरा. आर्वेटा प्लमली तिथे प्रथम आली ती परकर सावरत, बहिणीबरोबर शनिवारच्या कार्यक्रमात गायला. बहीण लग्न करून ओहायोला गेली. आर्वेटा माइकसमोर राहिली ती केस पांढरे होईपर्यंत.

सकाळी ती आधी मयतांच्या बातम्या वाचायची, मग एक भजन लावायची, मग बँजोची गाणी. नऊ वाजता ‘देवाणघेवाण’. ज्याला जे विकायचं, बदलायचं असेल त्यानं फोन करावा. शेळी देऊन ट्रॅक्टरचं चाक, पाळणा देऊन बंदूक. अधूनमधून ती ऐकणाऱ्यांना दम भरायची, “माझा आवाज थांबला तर समजा, मी गेले. रडत बसू नका. जेवण आणा!” त्या डोंगरांत मयताच्या घरी कुणी रिकाम्या हातानं जात नाही.

केंद्राचे म्हातारे मालक वारले आणि सगळं त्यांच्या मुलाच्या, लाइलच्या हाती आलं. तो लेक्सिंग्टनहून निघाला तेव्हा गाडीच्या डिकीत एक यंत्र होतं. उपग्रहावरून अहोरात्र गाणी उतरवणारं. माणूस लागतच नाही. आर्वेटाला ठेवायचं की माइक बंद करायचा, हे तो वाटेत ऐकून ठरवणार होता.

“मी ऐकतोय हं, काकी,” तो फोनवर म्हणाला होता. “आज एकही चूक नको.”

आणि नेमकी त्याच सकाळी एक गाय मनोऱ्याला ताणून धरणाऱ्या तारेवर पाठ घासू लागली. मनोरा डुलायला लागला. आर्वेटानं सगळ्यांत लांब गाणं लावलं, ज्यात खाणीतल्या एका मजुराची भावंडं एकेक करून मरतात, आणि ती सपाता फटफटवत धावली. गाय हलली. दारही हललं, धाडकन बंद झालं. किल्ली आत खिळ्याला लटकलेली.

दाराआडून तिला ऐकू आलं: शेवटचं भावंड मेलं. मग तबकडीवर सुईची नुसती खरखर. साऱ्या खोऱ्यावर ती खरखर राखेसारखी पसरली.

आर्वेटा न्हाणीघराच्या खिडकीतून घुसली आणि कमरेशी अडकली.

सगळ्यांत आधी पोचला कॉय रॅटलिफ, अंत्यविधी करणारा, शववाहिका घेऊनच.

“आर्वेटा, मेलीस का गं?”

“अर्धी! ढकल मला!”

“मेलेल्यांना उचलायची सवय आहे मला. लाथा मारणाऱ्यांना नाही.”

“कॉय! लाइल ऐकतोय!”

मागोमाग शेजारची ओपल आली, हातात तळलेल्या कोंबडीचं गरम भांडं.

“इतक्यात तळलीस कशी?” कॉयनं विचारलं.

“नवऱ्याची न्याहारी होती. त्याला म्हटलं, तू जिवंत आहेस, थांब जरा.”

मग रस्ताभर गाड्या. भरलेली अंडी, केक, बटाट्याचं सॅलड, एकाच्या खांद्यावर अख्खा हॅम. ह्या रांगेत अडकलेला लाइल खाली उतरून विचारू लागला, “कोण गेलं?” उत्तराऐवजी कुणीतरी त्याच्या हातात भरलेली बशी ठेवली.

कॉयनं आणि हॅमवाल्यानं मिळून एक जोर लावला. आर्वेटा आत न्हाणीत आदळली, उठली, आधी माइककडे धावली.

“हिकरी फोर्क, आजच्या मयतांत एक नाव वाढणार होतं, ते रद्द! अंडी आणलेल्यांनी ती परत नेऊ नयेत. आता भजन.”

मग तिनं दार उघडलं. समोर लाइल, हातात कोंबडीची तंगडी.

“बोलून टाक काय ते, पोरा.”

लाइलनं मागे पाहिलं. कुरणात चादरी पसरल्या होत्या, लोक जिवंत आर्वेटाच्या मयताला पोटभर जेवत होते. गायही केकजवळ पोचली होती.

“ह्यांनी सगळ्यांनी... एवढ्यात ऐकलं?”

“ऐकतात रे.”

नऊ वाजले. देवाणघेवाणीचा फोन घणघणला. लाइलनं बोटं पँटला पुसली, फोन बाजूला काढून ठेवला आणि माइक स्वतःकडे ओढला.

“एक यंत्र आहे. नवं, खोक्यातच. आकाशातून गाणी उतरवतं. बदल्यात हवं...” तो अडखळला, आर्वेटाकडे वळला. “काय हवं, काकी?”

“कुलूप,” ती म्हणाली. “बाहेरूनही उघडणारं.”