कावळ्याचा आवाज

सुक्या बांगड्यांचा वास आला की मला तो गोडबोल्या माणूस आठवतो आणि तोंड कडू होतं. लहान मुलांसाठी कार्टून बनवणारा तो कुडाळहून आला होता. आई अंगणात बांगडे वाळत घालता घालता शेजारच्या पोरांना कोल्ह्या-कावळ्याची गोष्ट सांगत होती. तिच्या कावळ्याच्या चोचीत बांगडा असायचा, आणि कोल्ह्याने स्तुती केली की तो इतका बेसूर गायचा की पोरं लोळून हसायची. तो म्हणाला, "काकी, असा आवाज अख्ख्या कोकणात नाही. तुमच्या नावानेच कार्टून काढतो." मिठाचे हात पदराला पुसत आई लाजली, त्याला सोलकढी पाजली आणि त्याच्या मोबाइलसमोर बसून सगळी गोष्ट आवाजांसकट सांगितली. पुढे कार्टून मोबाइलवर आलं. चित्रातला कावळा चोच उघडायचा आणि आतून आई गायची. आम्ही खूश होतो. शेवटी नावं सरकू लागली तेव्हा आईने विचारलं, "माझां नाव खंय आसा?" गोष्ट त्याची आणि आवाज त्याच्या बायकोचा, असं लिहिलं होतं. मी वाचून दाखवलं. फोन लावला, तो त्याने उचलला नाही. आई एवढंच म्हणाली, "कावळ्याचो नुसतो बांगडोच गेलो." काल माझी मुलगी तिच्या मांडीवर चढून गोष्ट मागत होती. आईने तिला खाली उतरवलं. "मोबाइलात आसा," म्हणाली, "थंय आयक."