फायनलच्या सकाळचं गाऱ्हाणं

महाड आणि पोलादपूर या दोन तालुक्यांत मिळून जेवढी बेचैनी असेल, तिच्यातली निम्मी एकट्या माझ्या थोरल्या साडूंच्या अंगात आहे, आणि उरलेली निम्मी त्यांच्या सहवासात येणाऱ्यांच्या. त्यांना बसलेलं मी फार क्वचित पाहिलंय. आमच्या महाडच्या घरी आले की स्वयंपाकघर ते गॅलरी अशा येरझारा घालत चहा पितात आणि माझी मुलगी बशी घेऊन मागून हिंडते. लग्नाच्या पंगतीत पहिला भात संपायच्या आत उठून एस. टी. लागली का ते बघून येतात. गाडी संध्याकाळची असली तरी. एकदा चवदार तळ्याजवळच्या सलूनमध्ये त्यांची दाढी अर्धी झाली होती, तेवढ्यात रस्त्यावर कुणीतरी पोलादपूरची गाडी सुटल्याचं बोललं. हे एका गालावरचा साबण तसाच ठेवून स्टँडवर हजर. गाडी जागेवरच होती. "पण सुटली असती तर?" असं ते वर मलाच विचारतात. माझी मेव्हणी म्हणते, "ह्यांच्याबरोबर मी संसार नाय केला, ह्यांच्या मागून चाललेय नुसती."

अशा माणसाला देवानं कबड्डीचं वेड द्यायला नको होतं. कुडपणच्या वाटेवर डोंगरात त्यांची वाडी आहे. निम्मे पुरुष मुंबईला, पण संघ वाडीचा, आणि त्या मंडळाचे अध्यक्ष आमचे साडू. सामना सुरू झाला की हे मैदानाभोवती प्रदक्षिणा घालू लागतात. आपला गडी चढाईला गेला की त्याच्याबरोबर श्वास कोंडतात आणि तो परत येईपर्यंत जांभळे होतात. एका वर्षी फिरता फिरता रेषेच्या आत गेले, समोरच्या संघानं धांदलीत यांचाच पाय धरला आणि पंचांनीही शिट्टी मारून बाद दिलं. हेही निमूटपणे बाद झालेल्या पोरांच्या रांगेत जाऊन बसले. "पंच म्हणाला बस, मंग बसायला नको?" असं त्यांचं म्हणणं. नंतर पंचांनाच ओशाळं झालं.

सामन्याआधी देवीपुढे नारळ ठेवून गाऱ्हाणं घालायचा मानही त्यांचाच. इतर लोक यश दे, सांभाळून घे म्हणून मोकळे होतात. साडूंचा देवीच्या कबड्डीच्या ज्ञानावर अजिबात विश्वास नाही. "आई, बोनस कधी मिळतो ता ध्यानात ठेव. सहा गडी आत असले तरच. मागल्या खेपेला तुझा जरा घोटाळा झाला," असं ते समजावून सांगतात. मागे उभी असलेली पोरं हसू दाबतात. देवीनं मात्र त्यांना कधी कप दिला नव्हता. वाडी दरसाल उपविजेती.

मग गेल्या मे महिन्यात ती फायनल आली. समोर कोण, तर वरंधच्या बाजूचं आमचं दोघांचं सामाईक सासर. म्हणजे मेव्हणी आणि माझी बायको एका बाजूला, साडू दुसऱ्या बाजूला, आणि मी महाडच्या शाळेतला मास्तर असल्यामुळे कुणाच्याच हिशेबात नाही. आमच्याकडे गावोगावच्या देव्या एकमेकींच्या बहिणी असतात. साडूंच्या वाडीची जननी धाकटी, सासरची काळकाई थोरली. त्यामुळे देवघरातही पंचाईत होती. पण साडूंचं खरं दुखणं वेगळं होतं. संघाचा कर्णधार त्यांचा एकुलता मुलगा, संतोष. भिवंडीच्या गोदामात माल चढवायच्या कामाला. त्याच्या गुडघ्याचं ऑपरेशन होऊन वर्ष झालं नव्हतं आणि डॉक्टरांनी बजावलं होतं, पुन्हा दुखावला तर ओझं उचलणं कायमचं विसरायचं. तरी वाडीनं फोन केले आणि तो पट्टा बांधून आला. इतकी वर्षं कपासाठी सगळ्यांना पळवणाऱ्या बापाला नको म्हणायला तोंड नव्हतं. अध्यक्षानंच पोरगा घरी ठेवला तर गाव काय म्हणेल, हा एकच प्रश्न त्यांनी मला फोनवर चार वेगवेगळ्या प्रकारे विचारला.

फायनलच्या सकाळी ते माझ्या दारात उभे राहिले. "मास्तर, गाडी काढ." चहाही घेतला नाही. मोटारसायकलवर मागे बसून ते सारखे हलत होते, त्यामुळे वळणावर गाडी मी चालवतोय की ते, हेच कळेना. सासरगावी पोचलो तर घराकडे न वळता थेट काळकाईच्या देवळाशी उतरले. मला पायरीवर थांबवलं, पण साडूंचं गाऱ्हाणं देवळात मावत नाही.

"आई, तू थोरली. धाकटीकडं मी कप मागितलाय. तिच्यावर दोन ओझी नकोत म्हणून तुझ्याकडं आलोय. पोराचा गुडघा सांभाळ. दुसरा काय मागत नाय. आन् दोन्ही जमत नसंल, तर..." इथे ते थांबले. थांबलेले साडू मी तेव्हा पहिल्यांदा ऐकले. "तर कप राहू दे."

बाहेर आले तर समोर आमचा मेव्हणा मोबाइल घेऊन उभा. त्यानं फोटो काढून ठेवला होता. आम्ही पोलादपूरला पोचायच्या आत तो दोन्ही गावांच्या ग्रुपवर फिरला होता, खाली ओळ होती, 'वाडीच्या अध्यक्षांचा नारळ आमच्या देवीला.'

सामना पोलादपूरला, हायवेच्या खालच्या मळ्यात. बांध फोडून, रोलर फिरवून, लाल माती पसरून असं मैदान केलं होतं की ज्यांच्या शेतात ते होतं त्यांनाच आपला तुकडा ओळखू येईना. तीन बाजूंना बांबूची गॅलरी, चौथ्या बाजूला ट्रॅक्टरच्या ट्रॉल्या आणि त्यांत बायका. उन्हं उतरल्यावर सामना सुरू झाला आणि शेवटच्या चढाईपर्यंत अटीतटीचा राहिला. एका गुणानं सासर पुढे. शेवटची चढाई संतोषची. त्यानं कोपऱ्यातल्या गड्याला पाय लावला आणि मागे फिरला, तर दोघांनी त्याला कमरेत धरलं. मध्यरेषा हातभर लांब. एकदा जोर करून ऑपरेशनच्या पायावर अंग पिळलं असतं तर हात रेषेला पोचला असता आणि कप वाडीचा झाला असता, हे मला दिसलं, गॅलरीला दिसलं, त्याला तर दिसलंच. त्यानं पाय टाकला, क्षणभर तसाच राहिला आणि हात मागे घेतला. शिट्टी झाली. साडूंनी ती ऐकलीच नसावी. ते मैदानात घुसले, गुडघे टेकून बसले आणि पोराचा पाय चाचपू लागले.

वाडीनं त्यांना माफ केलं नाही. "घरचा भेदी," म्हणाले. महिन्याभरात अध्यक्षपद गेलं. त्यासाठी भरलेल्या सभेला साडूंबरोबर मीही गेलो होतो. तिथे एकानं विचारलं, "तिकडच्या देवीकडं काय मागितला ता तरी सांगा." मी उठायला लागलो तर साडूंनी माझा दंड धरला. बाहेर आल्यावर म्हणाले, "नको रे मास्तर. पोराच्या कानावर गेला तर त्याला वाटंल बापानंच हरवला. चुकला तर चुकला, माझा नारळ चुकला." जो माणूस पोटात चहासुद्धा स्वस्थ ठेवत नाही, त्यानं एवढी गोष्ट पोटात ठेवली. मला त्या दिवशी त्यांचा फार अभिमान वाटला.

संतोष मुंबईला परत निघाला तेव्हा मी पोलादपूरच्या स्टँडवर गेलो होतो. तांदळाचं पोतं खांद्यावर घेऊन तो खासगी गाडीच्या शिडीनं टपावर चढला, पोतं बांधलं आणि उडी मारून उतरला. साडू डोळ्यांत पाणी आणून त्याच्या गुडघ्याकडे बघत होते. गाडी सुटली, वळणाआड गेली, तरी ते रस्त्याच्या कडेला घुटमळत राहिले.

"मास्तर," ते म्हणाले, "जमत नसंल तर कप राहू दे, असा मी आपणहून बोललो. तिनं काय विचारला नव्हता. नसता बोललो, तर दोन्ही दिला असता का रे तिनं?"