तुरीतलं उत्तर

हे मी अजून कुणालाच सांगितलेलं नाही. बायकोला नाही, दारव्ह्याला माझ्या दुकानात रोज चहाला टेकणाऱ्या दोस्तांना नाही. तुम्हाला सांगतोय ते कदाचित एवढ्यासाठीच, की तुम्ही आमच्या गावचे नाही. उद्या पारावर आपली गाठ पडायची नाही. आणि सांगायला बसलो तरी बघा — सरळ मुद्द्यावर येववत नाही. आधी त्या पिपाणीचं सांगतो.

माझा धंदा पंपाच्या जळालेल्या मोटारी भरून द्यायचा, वायंडिंगचा. हाताला सतत काहीतरी खुडबुड लागते. एकदा मोबाईलवर एक व्हिडिओ पाहिला. परदेशातला कुणी शिकारी, झाडाला टेकून बसलेला. त्याच्या तोंडात घोड्याच्या नालेच्या आकाराची एक बारकी चकती, तिच्यावर ताणलेला रबराचा पातळ पडदा. ती तो जिभेनं टाळूला दाबायचा, वरून फुंकर सोडायचा, आणि टर्की नावाचा एक थोराड पक्षी छाती फुगवून थेट त्याच्याकडे चालत यायचा. दोन्ही हात बंदुकीला मोकळे. मला फार गंमत वाटली. टर्की आपल्याकडे कुठून येणार, पण तितरं तर आमच्या धुऱ्याधुऱ्यावर, शेताच्या बांधाबांधावर आहेत ना?

तेलाच्या डब्याचा पत्रा कापला, कडा घासल्या, फुटक्या फुग्याचं रबर ताणून बसवलं, झाली पिपाणी. सुरुवातीला नुसते उमासे यायचे आणि लाळ गळायची. बायको म्हणाली, दातांच्या डॉक्टरला दाखवा एकदा. पण शिकलो. एका सकाळी शेतात मी आवाज काढला आणि पलीकडच्या बोरीतून खऱ्या तितरानं मला उत्तर दिलं. त्या दिवशी मला जो आनंद झाला तो खरा होता.

मग गुलेल आली. शिकारीला बंदी आहे हे मला माहीत नव्हतं? होतं. सगळ्यांनाच माहीत असतं. पण दोन मित्र, शेतातली चूल, तितराची झणझणीत तर्री — माणूस स्वतःची समजूत काढायला फार हुशार असतो.

आता सुदामकाकांचं सांगायलाच हवं. माझ्या शेताला लागून त्यांचं लहानसं वावर, वावराच्या टोकाला घर. काकू जाऊन बरीच वर्षं झालेली, एकुलती एक लेक सुनंदा फुलसावंगीला दिलेली. घरात ते आणि त्यांचा राजा. राजा म्हणजे तितर. हरभरा काढताना मोडलेल्या घरट्यात सापडलेलं अंडं त्यांनी कोंबडीखाली ठेवून उबवलं होतं. ते पाखरू त्यांच्यामागे कुत्र्यासारखं चालायचं. वारुळाची माती फोडून ते डब्यात उधई, म्हणजे वाळवी, जमवायचे, त्याच्यासाठी. सकाळी धुऱ्यावर त्याला मोकळं सोडायचे, धुळीत लोळू द्यायचे, आणि शीळ घातली की तो धावत परत यायचा. नजर लागू नये म्हणून त्याच्या पायात काळा दोरा बांधला होता. गाव हसायचं. मीही हसायचो.

दिवाळीच्या आधीची गोष्ट. तूर डोक्याएवढी झाली होती. मी धुऱ्याच्या आड बसून पिपाणी वाजवली आणि एक तितर आलं. रानातलं तितर थांबत, कानोसा घेत येतं. हे सरळ पळत आलं, अगदी माझ्या पुढ्यात, आणि मान वाकडी करून माझ्याकडे बघायला लागलं. मी गुलेल सोडली. उचलायला गेलो तेव्हा दोरा दिसला.

तुम्हाला वाटेल, गुन्हा तो हाच. तो आहेच. पण माणसाच्या हातून चूक होते. त्यानंतर तो काय करतो ते खरं. मी काय केलं? दोरा कापून दगडाखाली दाबला. मित्रांनी मसाला वाटून ठेवला होता, त्यांना पाखरू सोलून नेऊन दिलं. त्यांच्याबरोबर जेवलो. खोटं कशाला बोलू — चवही लागली.

काका रोज संध्याकाळी धुऱ्यावर यायला लागले. हातात उधईचा डबा. शीळ घालायचे, थांबायचे, परत घालायचे. माझ्या हरभऱ्याला पाणी चालू असायचं, त्यामुळे मी तिथंच. चोराच्या मनात चांदणं म्हणतात तसं — ते इकडे वळले की मी तुरीत शिरायचो. एकदा शीळ घालता घालता ते खाली बसले आणि लहान मुलासारखे रडले. मला ते बघवेना. पिपाणी खिशातच होती. मी ती टाळूला लावली आणि तुरीतून उत्तर दिलं.

ते उभे राहिले. अंधुक उजेडातही त्यांचा चेहरा मला दिसला. दुसऱ्या दिवशी सगळ्या गावाला सांगत सुटले, राजा जिवंत आहे, रानात जोडीदारीण मिळाली असेल म्हणून येत नाही, पण आवाज देतो. मला वाटलं, बरं झालं. दया केली आपण.

दया? मग रोज का केली? हे सांगायला मला सगळ्यात जड जातंय. ज्या माणसानं तितर अंड्यातून वाढवलं, ज्याला त्याच्या घशाची प्रत्येक कुरकुर माहीत — तो माझ्या फुग्याच्या रबराला फसत होता. आणि मला आत कुठेतरी बरं वाटायचं. कारागिराला वाटतं तसं.

मार्गशीर्षात काकांना दम्यानं फार छळलं. सुनंदाताई जीप घेऊनच आली. बाबांना फुलसावंगीला नेते म्हणाली, तिथं डॉक्टर जवळ, नातवंडं आहेत, एकटं कसं ठेवू? काका ऐकेनात. ती माझ्या घरी आली.

"दादा, तुमीच सांगा बाबाले," ती म्हणाली. "त्या पाखरापायी अडून राह्यले ते."

मी सांगतो म्हणालो, आणि खरंच सांगितलं. काकांनी शांतपणे ऐकून घेतलं. पेटी भरली होती त्यांनी. म्हणाले, "आज एक डाव आवाज देतो त्याले. बोलला तं मी कसा जाऊ, गजानन? नाई बोलला तं चाललो पोरीसंगं."

किती सोपं होतं सांगा. मला काहीच करायचं नव्हतं. फक्त गप्प बसायचं होतं. माझ्या एका खोट्याची फेड आयती समोर आली होती, आणि तेही कुणाला कळू न देता.

मी तुरीत होतो. काकांनी शीळ घातली. थांबले. परत घातली. तिसऱ्यांदा त्यांचा श्वास पुरला नाही, शीळ अर्धीच फुटली. सुनंदाताई मागे उभी होती, तिनं त्यांच्या खांद्यावर हात ठेवला, ते वळले — आणि मी उत्तर दिलं.

का? मी स्वतःला शेकडो वेळा विचारलंय. त्यांची फुटकी शीळ ऐकवली नाही म्हणून? की ते गेले तर मला ऐकणारं कुणी उरणार नाही म्हणून? दोन्ही खरं असेल. जीप रिकामी परत गेली.

पौषात एका बाजाराच्या दिवशी मला दारव्ह्याहून निघायला उशीर झाला. त्या संध्याकाळी तुरीतून उत्तर आलं नाही. गुडघ्यांमुळे काका धुऱ्याच्या पुढे कधी जात नसत. त्या दिवशी गेले. सकाळी ते नाल्याच्या उतारावर सापडले, खुब्याचं हाड मोडलेलं, रात्रभर दवात पडलेले. डबा जवळच होता. यवतमाळच्या दवाखान्यात नेलं, पण छातीत कफ भरला होता. तिथंच गेले.

दिवस झाल्यावर सुनंदाताई घराला कुलूप लावायला आली. माझे आभार मानले तिनं. बाबा तुमचं नाव घ्यायचे म्हणाली, शेजारी गजानन आहे म्हणून मला भीती नाही असं सांगायचे. मग आम्ही दोघं धुऱ्यावर गेलो. तूर कापून झाली होती, वावर उघडं पडलं होतं. तिनं वडिलांसारखी शीळ घातली. तिला नीट जमली नाही.

आणि पलीकडच्या बोरीतून एक तितर बोललं. खरं. रानातलं, कुणाचंही नसलेलं. तिनं माझ्याकडे पाहिलं, डोळे भरलेले.

"राजाच हाय न दादा?"

"हो ताई," मी म्हणालो. "राजाच हाय."

अजूनही ती अधूनमधून फुलसावंगीहून फोन करते. घरच्यांची खुशाली विचारते, पीकपाणी विचारते. फोन ठेवायच्या आधी विचारते, राजा बोलते का म्हणून. परवाही विचारलं. मी म्हणालो, बोलते.