छतावरची मुलगी

भाचीने पलंगाच्या बरोबर वर, छताला, जपानी कार्टूनमधल्या एका मुलीचं पोस्टर चिकटवलंय. मुलगी आभाळातून खाली पडतेय. केस वर उडालेले, हात पसरलेले, डोळे शांत मिटलेले. भोवती चेरीच्या पाकळ्या, त्याही गळणाऱ्याच.

"पडतेय ना गं ही?" मी विचारलं.

"पडत नाहीये मावशी. तिने धरून ठेवणं सोडलंय."

या जपानी चित्रांत असं स्वतःला सोडून देणं फार देखणं असतं. खालची जमीन मात्र कुणी काढत नाही.

दुपारी भाची कॉलेजला गेल्यावर मी सहज तिच्या पलंगावर आडवी झाले. वर पाहिलं आणि ती जमीन सापडली. आमची पोर रोज त्या जमिनीवरच झोपते.