शकुन नावाची फाइल

माह्या तोंडाचा पट्टा सुरू झाला की चांदूर रेल्वेच्या बाजारात कोणी समोर टिकत नाही. कृषी केंद्र चालवाचं तर असंच राहा लागते. पण मले बी गप करणारी एक बाई होती. तिले मी जन्मात पाह्यलं नाही. ती माह्या दुकानातल्या कम्प्युटरात राहायची.

तिचं नाव शकुन. अकोल्याच्या खुशालरावची बायको. खुशालराव दुकानदारांसाठी बिलाचे प्रोग्राम बनवायचे. त्यात त्यायनं एक न्यारी फाइल केली होती. तिचं काम एवढंच, की बिल करताना चूक झाली का पडद्यावर मधातच चौकोनी खिडकी उघडायची अन् विचारायची. कोणत्याही प्रोग्रामले ती जोडता यायची. अकोल्याच्या सरकीवाल्यानं जोडली, शेंदूरजनाघाटच्या संत्रावाल्यानं जोडली. खुशालराव कोणाले नाही म्हणत नसत. पह्यले त्यायनं खिडकीत "अवैध नोंद" असं लिहिलं होतं. शकुन म्हणे, "असं कोण बोलते जी? सरका, मी सांगते." तवापासून खिडक्यांतलं बोलणं तिचं, अन् फाइलीले नावही तिचंच.

मंग पाहा. गिऱ्हाइकाचं नाव टाकाचं राह्यलं, की "हवेले बिल देता काय?" भाव राह्यला, की "फुकट वाटून राह्यले काय भाऊ?" तारीख पुढची पडली, की "उद्याचं बिल आजच? लय घाई आहे तुमाले." मी चिडायची, कम्प्युटरले उलट बोलायची, अन् निमूट चूक सुधारायची. अशी तिच्यासंगं भांडता भांडता माही अर्धी दुकानदारी झाली. काय दिवस होते ते.

गेल्या साली शकुन वारली. खुशालरावचा स्वतःचा कम्प्युटर त्याच्या आधीच बसला होता, त्यात मूळ प्रोग्राम गेला. बाकीच्या दुकानदारायनं कवाचेच दुसरे प्रोग्राम घेतले, चालू फाइल आता माह्याच कम्प्युटरात उरली होती. औंदा मी नवा कम्प्युटर घेतला, तर त्यावर ती फाइल चालेच ना. जुना तर इन्व्हर्टरवर कसातरी तग धरून; एकडाव बंद केला तर परत सुरू होईन याचा भरोसा नाही. मी अकोल्याले फोन केला. खुशालराव सकाळच्या गाडीनं आले.

नव्यावर त्यायनं लय खटपट केली. जमलं नाही. मंग जुन्यापुढं बसले अन् मुद्दाम चुका कराले लागले. बिनानावाचं बिल. खिडकी उघडली, हसले. बिनाभावाचं बिल. पुन्हा हसले. गिऱ्हाइकं ताटकळून राह्यले होते, तरी मी त्यायले उठवलं नाही.

"फोटो काढून घ्या ना जी," मी म्हटलं.

"फोटो विचारत नाही, मनकर्णाबाई. ही विचारते. हिले उत्तर द्या लागते."

माह्या डोळ्यात पाणी आलं, खोटं कायले बोलू.

त्यायच्या गाडीची वेळ झाली. जुना काढून नवा लावाचा होता. आता एकच खिडकी पाहाची राह्यली होती, प्रोग्राम बंद करतानाची. तिथं पह्यले "बंद करायचे?" असं होतं. आता दिवेलागणीच्या वेळी कोणता दुकानदार आपल्या दुकानाले बंद म्हणन? कोणी त्या बटणाले हातच लावत नव्हतं. सारे सरळ वायर उपसायचे, अन् दिवसभराची बिलं गायब. खुशालराव तालुक्या-तालुक्यानं समजावत हिंडले, तरी लोक ऐकेनात. शेवटी शकुननं वाक्यच बदललं.

खुशालरावनं ती खिडकी उघडली. "दुकान वाढवता काय?" खाली दोन बटणं, हाव अन् नाई.

त्यायचा हात माऊसवर तसाच राह्यला. "तुमीच दाबा बाई," म्हणे. "मले होत नाही."

मी नाई दाबलं.

"पुढच्या बाजाराच्या दिवशी या जी," मी म्हटलं. "अजून लय चुका कराच्या राह्यल्या आपल्या."

नवा कम्प्युटर परत खोक्यात गेला.