नव्या मुकादमाला नाव सांगणारी

मिरजगावच्या झेरॉक्सच्या दुकानात शाळेचा जुना लॅपटॉप घेऊन मी उभा होतो. नवी विंडोज टाकल्यापासून त्याचं वायफाय गायब होतं, आणि मुलांचे शिष्यवृत्तीचे अर्ज आजच भरायचे होते.

"वायफायचं कार्ड गेलं, सर. नवं घ्या," दुकानदार म्हणाला.

आधार कार्डाची झेरॉक्स काढायला आलेली एक बाई पुढं झाली. तिनं बोटं पदराला पुसली. बोटांवर उसाच्या पाचटाचे चरे होते. तिनं लॅपटॉपवर वायफाय चालवणाऱ्या ड्रायव्हर-सॉफ्टवेअरची यादी उघडली, त्यातला जुना निवडला, आणि वायफाय आलं!

मी चाटच पडलो. चौदा वर्षं मी संगणक शिकवतोय.

"कार्ड चांगलं हाय," ती म्हणाली. "नवा मुकादम ऊस तोडणाऱ्या जुन्या नवरा-बायकोच्या जोडीला वळखत न्हाई, तसंच हे. त्याला नाव सांगावं लागतं."

"कुठं शिकलात?"

"उसाच्या फडात. मुकादमाचा लॅपटॉप असाच अडला हुता. माझ्या पोरीनं मोबाईलवर बघून नीट केला, मी शेजारी बसून बघितलं." झाकणावरचं शाळेचं नाव वाचून ती हसली. "तुमच्याच शाळंत हाय की ती. आठवीत."

तिनं नाव सांगितलं, आणि मला पोरगी आठवली. दिवाळीनंतर उसाला जाते, म्हणून अर्जांच्या यादीत मी तिचं नावच घातलं नव्हतं.