बंदूक नसलेला 'रानशिकार'

जयसिंग गेल्याचं मला त्याच्या पुण्याच्या कंपनीने टाकलेल्या फोटोवरून कळलं. फोटोला हार, खाली जोडलेले हात आणि 'आमचा लाडका कलाकार'. कावीळ अंगावर काढली होती त्याने. शाळेत आम्ही एका बाकावर बसायचो. अक्कलकुव्यात माझं मोबाइल दुरुस्तीचं दुकान आहे, पुण्याहून आला की तो आधी तिथे टेकायचा, मग घरी जायचा. त्याच्या जाण्याची बातमी मला जाहिरातीसारखी मिळावी... माझा राग तिथूनच सुरू झाला, आणि महिना होत आला तरी उतरलेला नाही.

'रानशिकार' हा त्या कंपनीचा मोबाइलवरचा गेम. पहिल्या दोन भागांत एक शिकारी डोंगरात शिरतो आणि डोक्याला पिसं लावलेल्या, 'हू हू' करत धावणाऱ्या माणसांना गोळ्या घालतो. खापरपासून प्रकाशापर्यंत आमच्याकडच्या गावागावांतली पोरं तो खेळत होती, मीही खेळायचो. जयसिंग स्वतः सातपुड्यातल्या पाड्यावरचा, आणि ती पिसं रंगवायचं काम नेमकं त्याच्याच वाट्याला आलेलं. पुढच्या भागात शिकारी येण्याआधीची गोष्ट सांगायची ठरली, तेव्हा ती त्याने भांडून स्वतःकडे घेतली. सुट्टीत दुकानात बसून मला दाखवली. धावपळ नाही, गोंगाट नाही. त्याच पिसंवाल्यांच्या पाड्यातली एक पोर मोहाची फुलं वेचते, पाणी भरते, दिवस मावळायच्या आत घरी पोचते. दारातून तिची आई तिला हाक मारते. तो आवाज जयसिंगच्या मायचा, त्यांच्याच बोलीतला.

"बंदूक नही, मंग यामा शे काय?" मी विचारलं.

"घर शे," तो म्हणाला.

तो भाग लोकांच्या फोनवर आला आणि खेळणाऱ्यांनी शिव्यांची लाखोली वाहिली. कंपनी म्हणाली, बंदूक घाल. तो शेवटपर्यंत नाही म्हणाला. तो गेला आणि आठवड्याच्या आत नवा अपडेट आला. एका गिऱ्हाइकाने मला हौसेने दाखवला. शिकारी त्या दारात येतो, आई हाक मारते, आणि गोळी तिलाही लागते. पॉइंट मिळतात! मढ्याच्या टाळूवरचं लोणी खाणारे ऐकून होतो, आधी हार घालून मग खाणारे पहिल्यांदाच पाहिले.

बाजाराच्या दिवशी त्याची माय येते आणि दुकानाच्या पायरीवर बसते. मी तिला माझा फोन देतो. त्यात जयसिंगचाच गेम आहे, अपडेटची सूचना रोज येते आणि मी ती रोज हाकलतो. ती फोन कानाला लावून स्वतःची हाक ऐकत राहते. मागच्या बाजाराला आमच्या बोलीत तिने विचारलं, "सगळास्ना फोनमा मी अशीच हाक मारस ना?"

मी हो म्हणालो... दुसरं काय सांगणार होतो? हे खोटं माझ्या तोंडी घालणारे पुण्यात आरामात बसले आहेत.

तेवढ्यात दुकानातल्या बाकावरच्या गिऱ्हाइकाने तोच गेम सुरू केला, नव्या अपडेटचा. मी त्याच्या हातातून फोन घेतला आणि आवाज बंद केला.